वॉर्डाची वही

प्रभागांची आखणी उत्तरेकडून सुरू करायची असते. गावाचा नकाशा टेबलावर पसरायचा, उत्तरेचं टोक धरायचं, तिथून ईशान्येला, मग पूर्वेला जायचं, पश्चिमेकडे वळायचं आणि असं नागमोडी उतरत शेवटचा प्रभाग दक्षिणेला संपवायचा. क्रमांकही त्याच ओळीनं द्यायचे. नियम शहाणा आहे. कोणाला आपल्या सोयीचा प्रभाग आधी कापून घ्यावासा वाटला, तरी सुरुवात कुठून करायची हे त्याच्या हातात राहत नाही. पण त्याच नियमामुळे आणखी एक गोष्ट होते. उत्तरेला एखादी वस्ती वाढली की तिचा धक्का दक्षिणेपर्यंत पोहोचतो. वरचा प्रभाग दोन गल्ल्यांनी आखडतो, त्याखालचा सरकतो, आणि गावाच्या दुसऱ्या टोकाला, जिथे वीस वर्षांत एक वीट हललेली नाही, तिथल्या माणसाचा प्रभाग बदलून जातो. त्याला हे कळतं मतदानाच्या दिवशी.

वर्धा जिल्ह्यात सहा नगरपरिषदा आहेत: वर्धा, हिंगणघाट, आर्वी, पुलगाव, देवळी आणि सिंदी रेल्वे. सेलू, समुद्रपूर, आष्टी आणि कारंजा या नगरपंचायती अलीकडच्या. सहा नगरपरिषदांपैकी एकीत मी १९९४ साली कर विभागात कनिष्ठ लिपिक म्हणून लागलो आणि २०२० साली निवृत्त झालो. गावाचं नाव देत नाही. पुढे ज्या चुका सांगणार आहे त्यांत माझ्यासोबत दुसरेही होते, आणि त्यांच्यातले काही आता उत्तर द्यायला हयात नाहीत.

लोक आम्हाला टॅक्सवाले म्हणत. घरटॅक्सची मागणीबिलं वाटत मी गावातली प्रत्येक गल्ली पायाखाली घातली होती. कोणतं घर कोणत्या भावाच्या वाट्याला गेलं, कुठे भाडेकरू आले, कुठली म्हातारी एकटी राहते, हे आमच्या रजिस्टरात नसलं तरी डोक्यात असे. म्हणून निवडणूक जाहीर झाली की निवडणूक शाखेत पहिली उचल आमचीच व्हायची. १९९६, २००१, २००६, २०११ आणि २०१६ अशा पाच सार्वत्रिक निवडणुका मी केल्या. ‘केल्या’ हा कर्मचाऱ्यांचा शब्द आहे. उमेदवार निवडणूक लढवतो, मतदार मतदान करतो, आम्ही निवडणूक करतो.

मी नोकरीला लागलो तेव्हा कायदा नुकताच बदलला होता. ७४वी घटनादुरुस्ती जून १९९३मध्ये अमलात आली होती आणि १९९४मध्ये महाराष्ट्राचा राज्य निवडणूक आयोग स्थापन झाला होता. एक तृतीयांश जागा महिलांसाठी आणि २७ टक्के जागा नागरिकांच्या मागास प्रवर्गासाठी राखीव झाल्या. जुने सहकारी सांगत की त्याआधी मुदत संपली तरी निवडणूक कधी होईल याचा भरवसा नसे. आता पाच वर्षांची मुदत राज्यघटनेतच लिहिली गेली. आम्हा नव्या पोरांना वाटलं, हा प्रश्न कायमचा मिटला.

आखणीचं काम कसं चालतं ते थोडं सांगतो, कारण ते बाहेर फारसं कोणाला माहीत नसतं. जनगणनेच्या वेळी गाव लहान लहान तुकड्यांत वाटलेलं असतं. त्यांना प्रगणक गट म्हणतात. प्रभाग करताना हा गट शक्यतो फोडायचा नाही. असे गट एकाला एक जोडत न्यायचे आणि लोकसंख्या सरासरीच्या दहा टक्के वर किंवा दहा टक्के खाली बसली की थांबायचं. हद्द मोठा रस्ता, नाला, रेल्वेचा रूळ अशी नैसर्गिक धरायची. मग मुख्याधिकाऱ्यांमार्फत प्रस्ताव जिल्हाधिकाऱ्यांकडे, तिथून पुढे, प्रारूप प्रसिद्ध, हरकती आणि सूचना, सुनावणी, अंतिम. त्यानंतर आरक्षणाची सोडत. सभागृहात पारदर्शक भांडं ठेवतात, गुंडाळलेल्या चिठ्ठ्या त्यात टाकतात आणि शाळेतल्या एखाद्या लहान मुलीला चिठ्ठी काढायला लावतात. त्या मुलीच्या हाताकडे भल्याभल्यांची नजर लागलेली मी पाहिली आहे. पाच वर्षं ज्यानं वॉर्डात लग्नं, मयती, बारशी सांभाळली, त्याचं सगळं गणित ती तिसरी-चौथीतली पोर एका चिठ्ठीत बदलून टाकते आणि खाऊ घेऊन घरी जाते.

यात अन्याय आहे असं मी म्हणत नाही. चिठ्ठी नसती तर माझ्या गावात कितीतरी बायका सभागृहाच्या दारापर्यंतही पोहोचल्या नसत्या. माझा मुद्दा निराळा आहे. प्रभागाची हद्द दर वेळी बदलते, क्रमांक बदलतो, आरक्षण बदलतं. आणि एकाच प्रभागातून एक, दोन, चार असे सदस्य निवडून द्यायचे सगळे प्रकार माझ्या हयातीत होऊन गेले. नगराध्यक्ष कधी थेट लोकांतून, कधी सदस्यांतून. इतकं सगळं एकाच वेळी हलत असताना मतदारानं मागचा हिशोब नेमका कोणाकडे मागायचा?

आमच्या भागात कोणालाही विचारा, ‘तुमचा वॉर्ड कोणता?’ तीन उत्तरं येतील. एक रेशनकार्डावरचं जुनं नाव, एक वडिलांच्या वेळचा क्रमांक, आणि एक परवाच्या पोलचिटवरचा. हिंगणघाटात तर संत तुकडोजी वॉर्ड, शास्त्री वॉर्ड, निशानपुरा वॉर्ड अशी नावं अजून पत्त्यात नांदतात. टपाल त्या नावानं येतं, लग्नपत्रिका त्या नावानं छापतात, फक्त मतदान त्या नावानं होत नाही. वर्ध्याचा माणूस मी पुलफैलात राहतो, मी मालगुजारीपुऱ्यात राहतो असं सांगतो. प्रभागाचा आकडा त्याला पाठ नसतो. लोकांनी गावाची वाटणी आपल्या मनात पक्की केलेली आहे. आम्ही ती कागदावर दर पाच वर्षांनी मोडतो.

या मोडतोडीत माणूस कसा हरवतो ते मी २००६ साली माझ्याच हातून घडताना पाहिलं.

विधानसभेची मतदार यादी घ्यायची आणि ती प्रभागनिहाय फोडायची, हे काम माझ्याकडे होतं. यादीच्या एका भागात ‘नाल्यामागील वस्ती’ या मथळ्याखाली त्रेचाळीस नावं होती. तसाच मथळा दुसऱ्या एका भागातही होता. नव्या आखणीत नाला ही हद्द झाली होती. दोन्ही मथळे एकाच वस्तीचे असावेत असं धरून मी त्या त्रेचाळीस नावांपुढे शेजारच्या प्रभागाचा आकडा टाकला. रात्रीचे अकरा वाजले होते आणि सकाळी यादी छापायला जायची होती. दिवसा एक चक्कर मारली असती तर समजलं असतं की ती घरं नाल्याच्या अलीकडच्या गल्लीतली आहेत, मी स्वतः तिथे दरवर्षी बिलं वाटतो. प्रारूप यादी नोटीस बोर्डावर लागली. हरकतींची मुदत गेली. त्या गल्लीतून एकही हरकत आली नाही, कारण दिवसभर रोजीला जाणारी माणसं नगरपरिषदेच्या पायऱ्या चढून याद्या वाचायला येत नाहीत.

मतदानाच्या दिवशी मी केंद्रांवर फिरत होतो. शाळेच्या फाटकाशी एक बाई उभ्या होत्या. जिनिंगमध्ये कामाला जायच्या, केसांत कापसाचे तंतू तसेच होते. मला ओळखून म्हणाल्या, “टॅक्सवाले भाऊ, हे पोट्टं म्हंते माह्यं नाव नाही. मी काय मेली का? मागच्या येळी याच खोलीत मत टाकलं ना मी.”

मी यादी घेतली, पुन्हा पाहिली, मग दुसऱ्या प्रभागाची मागवली. नाव तिथे होतं. ते केंद्र गावाच्या दुसऱ्या अंगाला, आणि वेळ संपायला वीस मिनिटं. मी म्हटलं, “मावशी, गाडीवर सोडतो.” कर्मचाऱ्यानं मतदाराला गाडीवर नेऊन सोडणं नियमात बसत नाही. सोबतच्या साहेबांनी नजरेनंच मला थांबवलं, आणि ते बरोबरच होते. बाई पायी निघाल्या. पोहोचल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या घरी गेलो. त्या रागावल्या नव्हत्या. “जाऊ द्या भाऊ, पुढच्या येळी टाकीन,” म्हणाल्या आणि चहा ठेवला. पुढची वेळ पाच वर्षांनी होती.

कार्यालयात एकानं समजूत घातली: “निकालाचं अंतर मोठं आहे, त्रेचाळीस मतांनी काही बदललं नसतं.” हे वाक्य मी पुढे दर निवडणुकीत कोणाच्या ना कोणाच्या तोंडून ऐकलं. मला ते कधी पटलं नाही. निकाल बदलला नसता हे खरं; पण ती गल्ली त्या निवडणुकीत नव्हती, हेही तितकंच खरं. २०११ची यादी फोडताना मी प्रत्येक मथळ्यासाठी त्या त्या गल्लीत गेलो. घरचे म्हणायचे, पुन्हा टॅक्स वसुली सुरू झाली का?

बहुधा २०१३च्या उन्हाळ्यात एक विद्यार्थी माझ्या टेबलाशी आला. त्याला कॉलेजच्या प्रकल्पासाठी एका वॉर्डाचा निवडणुकांचा इतिहास हवा होता. कोण कोण उभं राहिलं, किती मतं पडली, कोण जिंकलं, एवढंच. मला वाटलं, दोन दिवसांचं काम. मी अभिलेख कक्षात गेलो. मतपत्रिका ठरावीक मुदतीनंतर नष्ट करायच्या असतात, त्यामुळे त्या नसणार हे माहीत होतं. पण निकालाचे तक्ते असायला हवे होते. एका कपाटाच्या तळाशी गठ्ठे सापडले. पावसाळ्यात छत गळून ते भिजले होते आणि मग वाळवी लागली होती. जे वाचता येत होतं त्यावर प्रभागाचे आकडे होते, पण त्या वर्षी त्या आकड्याचा प्रभाग जमिनीवर कुठून कुठपर्यंत होता, हे सांगणारा नकाशा सोबत नव्हता. सात क्रमांकाच्या प्रभागात अमुक माणूस निवडून आला, हे कळलं. सात क्रमांक म्हणजे कोणत्या गल्ल्या, हे कळेना. मी त्या मुलाला चार ओळी लिहून दिल्या. तो धन्यवाद म्हणून गेला. मला मात्र झोप लागली नाही. इतकी वर्षं आम्ही निवडणुका करत होतो आणि एका वॉर्डानं कोणाला निवडलं हे सांगता येत नव्हतं.

निवृत्त झालो त्या वर्षी टाळेबंदी होती. घरात बसून मी लाल कापडी पुठ्ठ्याची, व्यापाऱ्यांकडे असते तशी वही काढली आणि माझ्या भागाचा इतिहास लिहायला घेतला. सुरुवातीला प्रभाग क्रमांक घालून लिहू लागलो आणि तिसऱ्याच पानावर अडलो. क्रमांक सात, मग बारा, मग चार, मग नऊ. हे एकाच जागेचे चार आकडे होते, आणि तेही अर्धेमुर्धे.

वाट दाखवली ती माझ्या भाच्यानं. तो इंग्लंडमध्ये लीड्स शहरात नोकरी करतो, हेडिंग्लीकडे राहतो. २०२२च्या दिवाळीत आला तेव्हा सांगत होता की मे महिन्यात त्यानं तिथल्या सिटी कौन्सिलसाठी मत दिलं. पासपोर्ट भारताचा, तरी राष्ट्रकुलातल्या देशाचा नागरिक म्हणून स्थानिक निवडणुकीत त्याला मत आहे. मशीन नाही, कागदाची मतपत्रिका आणि खोक्याला दोरीनं बांधलेली पेन्सिल. सकाळी सातपासून रात्री दहापर्यंत मतदान, मोजणी हातानं. लीड्समध्ये ३३ वॉर्ड, प्रत्येकात तीन सदस्य, एकूण ९९. पण तिघे एकदम निवडायचे नाहीत. चार वर्षांतली तीन वर्षं दरवर्षी एकेक जागा निवडणुकीला येते. १८३५च्या कायद्यानं तिथल्या शहरांना ही एकतृतीयांशाची पद्धत घालून दिली, आणि कित्येक शहरांत ती अजून चालू आहे. वॉर्ड हा शब्दही आपण त्यांच्याकडूनच घेतला. १८७४मध्ये वर्ध्याला नगरपालिका झाली ती त्यांच्याच राज्यात. तेव्हा आणि पुढेही बराच काळ मताचा हक्क कर भरणाऱ्या, मालमत्ता असलेल्या थोड्यांपुरताच होता. जिनिंगमधल्या मावशीला जे मत होतं ते आपण स्वतंत्र झाल्यावर मिळवलेलं आहे, कोणी दिलेलं नाही. इंग्लंड आपल्या पुढे आहे, असं मी म्हणत नाही.

पण भाच्यानं मोबाइलवर त्याच्या वॉर्डाचा तक्ता दाखवला तेव्हा मी चष्मा पुसून पुन्हा पाहिला. वर्षामागून वर्ष, उमेदवाराचं नाव, पक्ष, मतं, टक्केवारी. मी विचारलं, “हद्द बदलत नाही का रे तिथे?” म्हणाला, “बदलते ना मामा. २०१८मध्ये आमच्याकडे बदलली. हेडिंग्ली होतं, त्याचं हेडिंग्ली अँड हाइड पार्क झालं. पण जुनं कुठे संपलं आणि नवं कुठून सुरू झालं हे लिहिलेलं असतं.” नाव राहतं, म्हणून धागा राहतो. आपल्याकडे आकडा असतो, आणि आकड्याला आठवण नसते.

त्या रात्री मी वहीची पद्धत बदलली. क्रमांक सोडून दिला आणि गल्ल्या धरल्या. आमच्या शाळेच्या केंद्रावर पिढ्यान्‌पिढ्या मतदानाला येणाऱ्या सात गल्ल्या. त्यांना प्रत्येकी एक पान. त्या पानावर निवडणुकीचं साल, तेव्हाचा प्रभाग क्रमांक, हद्द कुठून कुठे, जागा कोणासाठी राखीव, कोण उभे, कोण निवडून आले, दुसऱ्या क्रमांकावर कोण, आणि शेवटी पत्रकात काय काय आश्वासनं होती. माहिती अनेक ठिकाणांहून जमवली. राजपत्र, ग्रंथालयातले लोकमत आणि तरुण भारतचे मोजणीनंतरच्या दिवसांचे अंक, माजी सदस्यांकडची प्रमाणपत्रं, त्यांच्या बायकांनी ट्रंकेत जपलेली पत्रकं. आमच्याकडे नगरसेवक कोणी म्हणत नाही, मेंबर म्हणतात. एका माजी मेंबरच्या मुलानं वडिलांच्या १९९६च्या मतपत्रिकेचा नमुना फ्रेम करून ठेवला होता. त्यावरून मला त्या वर्षीच्या सगळ्या उमेदवारांची नावं आणि चिन्हं एकाच कागदावर मिळाली.

वही भरू लागली तसं काय काय दिसलं ते सांगायलाच हवं. नाल्यावर रपटा (ठेंगणा पूल) बांधून देऊ, हे आश्वासन १९९६च्या पत्रकात होतं. २००१च्या पत्रकात तेच. २००६च्या पत्रकात तेच. उमेदवार वेगळे, पक्ष वेगळे, प्रभागाचा आकडा वेगळा, आणि रपटा तोच. दर वेळी नवा माणूस म्हणायचा, हा भाग मागच्या वेळी माझ्याकडे नव्हता. आणि तो खोटं बोलत नव्हता! हद्द खरोखरच बदललेली असायची.

रपटा शेवटी २००९ साली झाला. तो २००६मध्ये निवडून आलेल्या एका बाईंनी करून घेतला. जागा नागरिकांच्या मागास प्रवर्गातल्या महिलेसाठी राखीव होती. शिवणकाम करणारी बाई, सातवी शिकलेली. पहिली दोन वर्षं सभेत त्यांच्याऐवजी त्यांचे यजमान बोलायचे, हे मी मान्य करतो. लोकही यजमानांनाच मेंबर म्हणायचे. तिसऱ्या वर्षी त्या स्वतः उभ्या राहून बोलू लागल्या. अंदाजपत्रक घरी नेऊन मुलाकडून वाचून घ्यायच्या आणि माझ्या टेबलाशी येऊन विचारायच्या, “भाऊ, हा हेड काय आहे? यातून नालीचं काम होते का?” लेखाशीर्ष हा शब्द त्यांनी माझ्यासमोर शिकला. रपट्याचा ठराव त्यांनी चार सभांत मांडला, तीनदा तो पुढे ढकलला गेला.

२०११मध्ये महिलांसाठी निम्म्या जागा राखीव झाल्या. तरी आमच्या भागाच्या वाट्याला आलेलं आरक्षण बदललं, हद्दही सरकली आणि बाईंना उभं राहायला त्यांच्या ओळखीचा भाग उरला नाही. दुसऱ्या कोणाच्या पत्रकात ‘रपट्याचे काम पूर्ण’ असं छापलं गेलं. माझ्या वहीतल्या त्या पानावर आज त्यांचं नाव आहे, ठरावाचं साल आहे. मला वाटतं, आरक्षण फिरतं ठेवणं योग्य आहे, पण आरक्षण, हद्द आणि सदस्यसंख्या ही तिन्ही एकाच वेळी फिरवणं चूक आहे. त्यानं काम करणाऱ्याचं काम पुसतं आणि न करणाऱ्याचं न करणंही पुसतं. यातली निदान हद्द तरी दोन निवडणुका स्थिर ठेवली पाहिजे.

माझी शेवटची निवडणूक २७ नोव्हेंबर २०१६ची. नोटा बंद होऊन एकोणीस दिवस झाले होते. अर्धे कर्मचारी प्रशिक्षणाला येण्याआधी बँकेच्या रांगेत उभे राहून यायचे. बँकांनी नोटा बदलून घेणाऱ्यांच्या उजव्या हाताच्या बोटाला शाई लावायला सुरुवात केली होती. मतदानाच्या दिवशी एक आजोबा आले, उजव्या बोटावर काळा ठिपका. मतदान प्रतिनिधी ओरडला, “यांनी मत टाकलं!” आजोबा गडबडले. म्हणाले, “बँकेत लावली बाप्पा, पैसे नाही भेटले तरी लावली.” डावं बोट कोरं होतं. आम्ही डाव्या बोटाला शाई लावून त्यांना आत पाठवलं.

त्या वर्षी प्रत्येक मतदाराला तीन मतं होती: एक नगराध्यक्षाला, दोन प्रभागातल्या दोन सदस्यांना. म्हातारी माणसं एक बटन दाबून बाहेर पडू लागत. लांब शिट्टी वाजली नाही की आतून आवाज जायचा, “काकाजी, थांबा, अजून दोन राहिले.” दुसऱ्या दिवशी मोजणी झाली. जिल्ह्यातली सहाही नगराध्यक्षपदं भारतीय जनता पक्षाकडे गेली. वर्ध्यात अतुल तराळे, हिंगणघाटात प्रेम बसंतानी. आमच्या सात गल्ल्यांनी मात्र दोन सदस्य दोन वेगवेगळ्या पक्षांचे दिले. तो तपशील माझ्या वहीत आहे. जिल्ह्याच्या निकालात तो दिसणार नाही.

त्यानंतर २०२१च्या शेवटी मुदत संपली आणि निवडणूक झालीच नाही. ४ मार्च २०२१च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानं नागरिकांच्या मागास प्रवर्गाचं आरक्षण तपासणीच्या तीन कसोट्यांना बांधलं. मग या आरक्षणासाठी आकडेवारी जमवणारा बांठिया आयोग, मग प्रभाग कोणी पाडायचे यावरचे वाद, मग न्यायालयाचा ‘जैसे थे’ आदेश. सुमारे चार वर्षं सगळा कारभार प्रशासकांकडे. ज्या गोष्टीला आम्ही १९९४मध्ये कायमची मिटलेली समजत होतो, ती अशी परत आली. प्रशासकांनी काम केलं नाही असं नाही. पण नाली तुंबली की रात्री नऊला दार कोणाचं वाजवायचं, हे लोकांना ठाऊक नव्हतं. काही जण माझ्याकडे यायचे. तीन लाख किंवा त्याहून अधिक वस्तीच्या शहरांत वॉर्ड समित्या असाव्यात असं राज्यघटना सांगते. आमच्या जिल्ह्यातली मोठ्यात मोठी गावं २०११च्या मोजणीत एक लाखाच्या थोडी पुढे. त्यामुळे आमच्याकडे मेंबर नाही म्हणजे मधला माणूसच नाही. माझ्या वहीत त्या चार वर्षांचं पान कोरं आहे. मी ते मुद्दाम कोरं ठेवलं.

शेवटी ६ मे २०२५ला सर्वोच्च न्यायालयानं निवडणुका घ्यायला सांगितलं. नवी आखणी झाली ती २०११च्याच जनगणनेवर, कारण त्यानंतर जनगणना झालेली नव्हती. गावाच्या उत्तरेला आता जिथे तीन लेआउट उभे आहेत, तिथे २०११मध्ये तूर उभी होती. आखणीच्या कागदावर तिथे अजून जवळजवळ कोणी राहत नाही. माझ्या जागी आलेला मुलगा प्रारूप नकाशा घेऊन घरी आला आणि विचारू लागला, “काका, ही नाल्याची हद्द बरोबर आहे ना?” मी त्याला म्हटलं, “चल, चालत जाऊन पाहू.” आम्ही दोघं दुपारच्या उन्हात रपट्यावरून त्या गल्लीत गेलो. जिनिंगमधल्या मावशी आता नाहीत. त्यांची सून दारात तांदूळ निवडत होती. तिचं नाव प्रारूप यादीत बरोबर जागी होतं.

२ डिसेंबर २०२५ला मी मत दिलं, पहिल्यांदाच कोणत्याही ड्युटीशिवाय. काही ठिकाणचं मतदान २० डिसेंबरला ठेवावं लागलं, आमच्या जिल्ह्यात देवळीचं. म्हणून उच्च न्यायालयाच्या आदेशानं सगळीकडची मोजणी २१ तारखेला झाली. त्या संध्याकाळी मी वही उघडली आणि सात पानांवर सात नोंदी केल्या.

तुमच्या गावातही असे मथळे, अशा गल्ल्या, असे रपटे असतील. निवडून आलेल्याचं नाव वर्तमानपत्रात येईल, पण तुमच्या गल्लीचा प्रभाग त्या वर्षी कुठून कुठपर्यंत होता हे कुठेही येणार नाही. ते तुम्ही लिहून ठेवा. साल, क्रमांक, हद्द, आरक्षण, निवडून आलेले, पडलेले, आणि पत्रकातली आश्वासनं. एक पान पुरतं. पत्रकं रद्दीत देऊ नका. कोणाला नमुना पाहायचा असेल तर माझी वही घरीच असते. संध्याकाळी पाचनंतर या.